दत्तक घेतलेले पिलू माणसाळणार कसे?

प्रतिनिधी, नागभीड

भटक्या कुत्र्यांच्या प्रश्नावर २०२५ साली सर्वोच्च न्यायालयाने एकापाठोपाठ तीन आदेश दिले आणि देशभर दोन तट पडले. एका बाजूला श्वानदंशाने हैराण झालेले नागरिक, दुसऱ्या बाजूला प्राणिमित्र. या गदारोळात २२ ऑगस्टच्या आदेशातील एक तरतूद मात्र फारशी चर्चिली गेली नाही. ज्या प्राणिप्रेमींची इच्छा असेल त्यांनी रस्त्यावरील कुत्रे दत्तक घेण्यासाठी पालिकेकडे अर्ज करावा आणि असे कुत्रे पुन्हा रस्त्यावर येणार नाही याची जबाबदारी अर्जदाराने घ्यावी, असे न्यायालयाने त्यात म्हटले आहे. कागदावर हा मार्ग सोपा दिसतो. प्रत्यक्षात, उंबरठ्याच्या आत आलेले पिलू कोपऱ्यात दडून बसते, पाहुणा दिसताच थरथरते, कुणी हात पुढे केला की दात दाखवते, तेव्हा त्याचे करायचे काय, याचे उत्तर ना आदेशात आहे ना पालिकेच्या अर्जात. दत्तक योजनेचे यशापयश मात्र नेमके याच उत्तरावर अवलंबून आहे. नागभीडसारख्या जंगलाच्या कडेला वसलेल्या गावात तर या प्रश्नाला आणखी एक बाजू आहे.

आधी नागपूर, मग दिल्ली

दत्तक घेण्याचा विषय विदर्भाला नवा नाही. २० ऑक्टोबर २०२२ रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने सार्वजनिक ठिकाणी भटक्या कुत्र्यांना खाऊ घालण्यास मनाई केली होती. ज्यांना खाऊ घालायचे आहे त्यांनी आधी ते कुत्रे दत्तक घ्यावे, घरी न्यावे, त्याची पालिकेकडे नोंद करावी किंवा त्याला निवारा केंद्रात ठेवावे आणि मगच आपली हौस भागवावी, असा त्या आदेशाचा आशय होता. त्याच वर्षी १६ नोव्हेंबरला सर्वोच्च न्यायालयाने या निर्देशाला स्थगिती दिली. खाऊ घालणाऱ्यावर दत्तक घेण्याची सक्ती करता येणार नाही, असे मत न्यायालयाने नोंदविले आणि महापालिकेला खाद्य देण्याच्या जागा ठरविण्यास सांगितले.

तीन वर्षांनी हा विषय दिल्लीच्या निमित्ताने पुन्हा पुढे आला. श्वानदंशाविषयीच्या एका बातमीची सर्वोच्च न्यायालयाने २८ जुलै २०२५ रोजी स्वतःहून दखल घेतली. ११ ऑगस्टला दोन सदस्यीय खंडपीठाने राजधानी परिसरातील सारी भटकी कुत्री उचलून निवारा केंद्रांत ठेवण्याचा आदेश दिला. त्यावर वादळ उठले. २२ ऑगस्टला तीन सदस्यीय खंडपीठाने त्यात बदल केला. निर्बीजीकरण, लसीकरण आणि जंतनाशक औषध देऊन कुत्र्यांना मूळ जागी सोडावे, फक्त रेबीज झालेल्या किंवा त्याचा संशय असलेल्या तसेच आक्रमक कुत्र्यांना सोडू नये, असे ठरले. याच आदेशाने प्रकरणाची व्याप्ती देशभर नेली. पुढे ७ नोव्हेंबरला शाळा, रुग्णालये, क्रीडा संकुले, बसस्थानके आणि रेल्वे स्थानकांच्या आवारातील कुत्री हलवावीत व ती पुन्हा तेथे सोडू नयेत, असा आदेश झाला.

या आदेशांमागील चिंता खरी आहे. केंद्र सरकारने संसदेत दिलेल्या माहितीनुसार २०२४ या एका वर्षात देशात श्वानदंशाच्या ३७ लाखांहून अधिक घटना नोंदल्या गेल्या. महाराष्ट्राचा वाटा सुमारे ४ लाख ८५ हजारांचा होता. २०१९च्या पशुगणनेत देशातील भटक्या कुत्र्यांची संख्या सुमारे १ कोटी ५३ लाख भरली होती. रेबीजचा संशय असलेल्या प्राण्याने चावलेल्यांपैकी सुमारे ४० टक्के जण १५ वर्षांखालील मुले असतात, असे जागतिक आरोग्य संघटना सांगते. तेव्हा हा केवळ हौशी लोकांचा विषय आहे, असे म्हणून तो बाजूला सारता येत नाही.

परंतु 'आक्रमक कुत्रा' म्हणजे कोणता, याची व्याख्या २२ ऑगस्टच्या आदेशात नाही. येथेच भीतीचा प्रश्न कायद्याच्या प्रश्नाला येऊन मिळतो. माणसावर धावून येणाऱ्या कुत्र्यांपैकी अनेक कुत्री मुळात घाबरलेली असतात. त्यांना पळायला वाट नसते, म्हणून ती चावतात. बघणाऱ्याला मात्र फक्त दात दिसतात. म्हणजे लहानपणी माणसांची ओळख न झालेले, भेदरट राहिलेले पिलू मोठेपणी 'आक्रमक' ठरून जन्मभर पिंजऱ्यात जाण्याची शक्यता आता अधिक आहे.

चौदा आठवड्यांची मुदत

पिलू माणसाला घाबरते ते का, याचा शास्त्रशुद्ध शोध विसाव्या शतकाच्या मध्यात अमेरिकेत घेतला गेला. मेन राज्यातील बार हार्बर येथील जॅक्सन प्रयोगशाळेत फ्रीडमन, किंग आणि इलियट या तीन संशोधकांनी पिलांना उंच कुंपणाच्या आवारात, माणसाचा संपर्क होऊ न देता वाढविले. काही पिलांना दुसऱ्या, काहींना तिसऱ्या, पाचव्या, सातव्या, नवव्या आठवड्यात एकेक आठवडा माणसांच्या सहवासात आणले गेले. एका गटाला मात्र चौदाव्या आठवड्यापर्यंत माणूस भेटलाच नाही. १९६१ साली प्रसिद्ध झालेले निष्कर्ष आजही पाठ्यपुस्तकांत दिले जातात. पाचव्या ते नवव्या आठवड्यांत माणसे भेटलेली पिले सहज जवळ आली. चौदा आठवडे एकटी राहिलेली पिले जवळजवळ रानटी प्राण्यांसारखी वागू लागली. त्याच प्रयोगशाळेतील स्कॉट आणि फुलर यांनी १९६५ साली आपल्या ग्रंथात या साऱ्याची सविस्तर मांडणी केली.

त्याचा सारांश असा. साधारण तिसऱ्या आठवड्यापासून बाराव्या ते चौदाव्या आठवड्यापर्यंत पिलाचे मन नव्या गोष्टी स्वीकारण्यास तयार असते. या काळात जे जे दिसते, ऐकू येते, हुंगायला मिळते आणि त्यातून काही वाईट घडत नाही, ते त्याच्या लेखी जगाचा नेहमीचा भाग बनते. त्यानंतर कुतूहल ओसरते आणि सावधपणा वाढतो. नवे ते धोक्याचे, अशी त्याची समजूत होते. याच काळात, विशेषतः आठव्या ते दहाव्या आठवड्यांच्या सुमारास बसलेला मोठा धक्का दीर्घकाळ टिकू शकतो. आपल्याकडे पिले घरी आणली जातात ती नेमकी याच वयात किंवा त्याहूनही लवकर.

येथे ७ नोव्हेंबरच्या आदेशाच्या अंमलबजावणीतील एक धोका स्पष्ट होतो. निवारा केंद्रात हलविलेल्या कुत्रीला तेथेच पिले झाली, अथवा महिन्याभराची पिले तेथे आली आणि दिवसातून दोनदा भाकरी टाकण्यापुरताच माणूस दिसला, तर बार हार्बरच्या कुंपणातील प्रयोग आपण नकळत येथे पुन्हा करू. अशी पिले चार-पाच महिन्यांनी दत्तक देण्यास बाहेर काढली, तर ती घरात रुळणे कठीण जाईल. निवारा केंद्रांच्या इमारती, पिंजरे, खाद्य यांचे हिशेब मांडले जातात, पण पिलांना रोज चार माणसे भेटतील का, हा हिशेब कुठेच नसतो.

रस्त्यावरचे कुत्रे माणसाला ओळखते

भारतीय रस्त्यांवरील कुत्र्यांविषयी सर्वांत मोलाचे काम कोलकात्याच्या 'आयसर' संस्थेत प्रा. अनिंदिता भद्रा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केले आहे. या गटाने ९५ वेतांतील ३६४ पिलांचा मागोवा घेतला. २०१६ साली प्रसिद्ध झालेल्या त्या अभ्यासानुसार अवघी १९ टक्के पिले सात महिन्यांची होईपर्यंत जगली आणि मृत्यूंपैकी ६३ टक्के मृत्यूंना माणूस प्रत्यक्ष वा अप्रत्यक्ष कारणीभूत होता. म्हणजे रस्त्यावरील पिलाने माणसाला भ्यावे, यात त्याचा वेडेपणा नाही. त्याच्यापुरता तो शहाणपणाच आहे.

याच गटातील देबोत्तम भट्टाचार्जी यांच्या २०१७च्या अभ्यासात दुसरी बाजू पुढे आली. अनोळखी माणूस वारंवार भेटत राहिला, तर रस्त्यावरील कुत्र्यांचा विश्वास केवळ खाऊ देण्यापेक्षा मायेने कुरवाळण्याने अधिक दृढ होतो, असे त्यात दिसले. २०२०च्या अभ्यासात अनोळखी माणसाने बोटाने दाखविलेल्या भांड्याकडे कुत्री जातात का, हे तपासले गेले. १६० पैकी जवळजवळ निम्मी कुत्री पुढे आलीच नाहीत. त्यांच्यात भीतीची लक्षणे अधिक होती. जी पुढे आली त्यांतील सुमारे ८० टक्के कुत्र्यांनी माणसाची खूण बरोबर ओळखली.

हे तीन निष्कर्ष एकत्र वाचले की चित्र पुरे होते. गावठी कुत्र्याला माणसाची भाषा कळते, मायाही कळते. आड येते ती भीती, आणि तिला आधार आहे. तेव्हा दत्तक घेणाऱ्याचे पहिले काम शिस्त लावण्याचे नसून भीती घालविण्याचे आहे.

नागभीडकडील रीत

आता हे सारे नागभीड तालुक्याला लावून पाहू. चंद्रपूर जिल्ह्याचा हा भाग ब्रह्मपुरी वनविभागात मोडतो. सुमारे १५९ चौरस किलोमीटरचे घोडाझरी अभयारण्य २०१८ साली येथेच घोषित झाले. धानाच्या बांद्या संपतात तेथे जंगल सुरू होते. वाघ आणि बिबट्या ही येथील रोजच्या बोलण्यातील नावे आहेत. शेजारच्या सिंदेवाही तालुक्यात १० मे २०२५ रोजी तेंदूपत्ता तोडायला गेलेल्या तीन महिला एकाच दिवशी वाघाच्या हल्ल्यात मृत्युमुखी पडल्या, ही घटना अजून ताजी आहे. अशा मुलखात कुत्रा हा हौसेचा प्राणी नाही. रात्री सांदवाडीत काही हालले तर तोच आधी सांगतो. म्हणून 'अनोळखीवर भुंकतो तोच खरा कुत्रा' ही येथील समजूत निराधार म्हणता येणार नाही.

परंतु या समजुतीतून काही घातक रीती निपजल्या आहेत. कुत्रा 'तिखट' व्हावा म्हणून पिलाला मिरची चारणे, दीड महिन्याच्या पिलाला आखूड साखळीने दारात बांधून ठेवणे, येणाऱ्याजाणाऱ्या पोरांनी त्याला डिवचले तरी 'बरेच आहे, चिडका होईल' म्हणून सोडून देणे, हे प्रकार केवळ येथेच नव्हे, तर ग्रामीण महाराष्ट्रात सर्वत्र आढळतात. यातून राखणदार तयार होत नाही, भेदरलेला प्राणी तयार होतो. बांधलेल्या पिलाला दूर जाता येत नाही. माणूस जवळ आला की भुंकणे किंवा चावणे, एवढाच पर्याय त्याच्यापुढे उरतो. असा कुत्रा चोराला आणि पोस्टमनला, बिबट्याला आणि शेजारच्या चार वर्षांच्या मुलीला एकाच नजरेने पाहतो. खरा राखणदार फरक ओळखतो. नेहमीचे काय हे त्याला लहानपणी उमगलेले असते, म्हणून वेगळे काय तेही कळते.

बांधून ठेवण्यातला दुसरा धोका जंगलाच्या कडेला अधिक मोठा आहे. विद्या अत्रेय आणि सहकाऱ्यांनी आजच्या अहिल्यानगर जिल्ह्यातील अकोले परिसरात बिबट्याच्या आहाराचा अभ्यास केला. त्यात बिबट्याने खाल्लेल्या एकूण भक्ष्याच्या वजनात पाळीव व भटक्या कुत्र्यांचा वाटा ३९ टक्के होता. ऊसपट्ट्यातील बिबट्या आणि झाडीपट्टीतील बिबट्या यांचा आहार तंतोतंत सारखा नसेल. पण अंगणात रात्रभर बांधलेला कुत्रा बिबट्याला दारापर्यंत आणू शकतो, हा धडा दोन्हीकडे लागू आहे. रात्री पिलाला गोठ्यात वा पडवीत दार लावून ठेवणे, हा भित्रेपणा कमी करण्याचा आणि जीव वाचविण्याचाही उपाय आहे.

ऋतुमानही लक्षात घ्यावे लागते. आपल्याकडील रस्त्यावरच्या कुत्र्यांची वेते बहुतांशी पावसाळा संपल्यावर आणि हिवाळ्यात होतात. धानाची कापणी, मळणी याच दिवसांत असते आणि तणसाच्या ढिगात ऊब धरून पिले वाढतात. दिवाळीनंतर झाडीपट्टीत मंडईचा हंगाम सुरू होतो. लेकी-जावई, सोयरे-धायरे गावात येतात, दंडारी रंगतात, रात्रभर नाटके चालतात, कर्ण्यांचा आवाज घुमतो. पिलाच्या मनाचा नाजूक काळ आणि गावातील सर्वांत गर्दीचा काळ असा एकत्र येतो. नीट हाताळले तर पिलाला माणसे ओळखविण्याची याहून चांगली संधी नाही. न हाताळता आल्यास दहा मुलांनी ओढाताण केलेले आणि फटाक्यांनी हादरलेले पिलू पुढे वर्षभर पलंगाखाली राहते.

ओळख कशी करून द्यावी?

पशुवर्तनाच्या क्षेत्रात आज सर्वमान्य असलेली पद्धत खर्चिक नाही. तिला वेळ आणि संयम लागतो.

पहिली गोष्ट, पिलू आठ आठवड्यांचे होईपर्यंत शक्यतो आईपासून तोडू नये. डोळे उघडले की उचलून आणण्याची घाई टाळावी. त्या काळात आईजवळच, पण रोज थोडा वेळ घरातील माणसांनी त्याच्याजवळ बसावे.

घरी आणल्यावर त्याला एक हक्काचा कोपरा द्यावा. खोके, पोते, जुनी सतरंजी काहीही चालेल. तेथे ते शिरले की कुणीही ओढून बाहेर काढू नये. पळून जाण्याची जागा आहे, हे कळले की भीती आपोआप निम्मी होते. पहिले दोन-तीन दिवस पाहुण्यांना दाखविण्याचा सोहळा करू नये.

नवा माणूस आला की त्याने पिलाकडे जाऊ नये. पिलाने त्याच्याकडे यावे. हा एक नियम पाळला तरी बरेच साधते. पाहुण्याने जमिनीवर किंवा खाटेवर थोडे तिरके बसावे, पिलाच्या डोळ्यांत रोखून पाहू नये, वरून डोक्यावर हात नेऊ नये, मोठ्याने बोलू नये. भाकरीचा तुकडा, उकडलेल्या अंड्याचा किंवा कोंबडीचा बारीक तुकडा पिलाच्या पुढ्यात, पण स्वतःपासून दूर टाकावा. हातात धरून 'ये, ये' म्हणत जवळ ओढू नये. भूक जवळ ढकलते आणि भीती मागे खेचते, अशा कोंडीत पिलू तुकडा घेते खरे, पण नंतर एकदम दचकून चावू शकते. दूर टाकलेला तुकडा खाऊन ते परत मागे गेले तरी चालते. माणूस आला की चांगले काही मिळते, एवढी खूणगाठ बसणे पुरेसे आहे.

पिलू स्वतःहून हुंगायला आले, तर छातीखाली किंवा मानेच्या बाजूला दोन-तीन वेळा हळुवार खाजवावे आणि हात काढून घ्यावा. ते पुन्हा जवळ आले तर त्याला हवे आहे, दूर गेले तर पुरे झाले. कोलकात्याच्या अभ्यासात कुरवाळण्याचे जे महत्त्व दिसले ते येथे लागू होते. पण जवळ येण्याचा निर्णय पिलाचा असला पाहिजे, ही अट विसरता कामा नये.

अंतराचे भान ठेवावे. वीस फुटांवरील माणूस पाहून पिलू निवांत असेल आणि दहा फुटांवर ताठरत असेल, तर सुरुवात वीस फुटांपासूनच करावी. पाच-सात मिनिटे पुरेत. शेपटी पोटाखाली घेणे, कान मागे पाडणे, भूक नसताना ओठ चाटणे, झोप नसताना जांभया देणे, तोंड वळवून डोळ्यांचा पांढरा भाग दाखविणे, आवडीचा खाऊही नाकारणे ही ताण वाढल्याची लक्षणे आहेत. ती दिसली की अंतर वाढवावे.

गुरगुरण्यावर कधीही मारू नये. गुरगुरणे हा इशारा आहे. मार खाऊन पिलू इशारा देणे सोडते, घाबरणे सोडत नाही. न गुरगुरता चावणारा कुत्रा असाच तयार होतो. तसेच घाबरलेल्या पिलाला जवळ घेतले तर भीतीला खतपाणी मिळते, ही समजूतही खरी नाही. ते आधारासाठी आपणहून बिलगले तर शांतपणे आधार द्यावा.

माणसांमध्ये विविधता हवी. घरातील चौघांना सरावलेले पिलू डोक्याला मुंडासे बांधलेल्या, हातात काठी घेतलेल्या आजोबांना पाहून भिऊ शकते. गुराखी, मोहफुलांची टोपली घेतलेल्या बाया, खाकी गणवेशातील वनरक्षक, शिरस्त्राण घातलेला दुचाकीस्वार, छत्री उघडणारा माणूस, शाळेची मुले हे सारे नागभीडच्या रस्त्यावर रोज दिसतात. आठवड्यात दोन-चार नवे चेहरे, तेही दुरून आणि खाऊच्या संगतीने, अशी गाठ घालावी. आठवडी बाजारात नेऊन गर्दीत सोडणे ही ओळख नव्हे, शिक्षा आहे. लहान मुले आणि पिलू यांना मोठ्या माणसाच्या देखरेखीखेरीज एकत्र ठेवू नये.

लस आधी की ओळख आधी?

येथे दत्तक घेणारे हमखास अडतात. डिस्टेंपर आणि पार्व्हो या रोगांवरील लसीचा पहिला डोस सहा ते आठ आठवड्यांच्या वयात, त्यापुढील डोस तीन-चार आठवड्यांच्या अंतराने सोळा आठवड्यांपर्यंत आणि रेबीजची लस साधारण तीन महिन्यांनंतर दिली जाते. सारे डोस होईपर्यंत पिलाला घराबाहेर काढू नये, असा सल्ला अनेकदा मिळतो. तो तंतोतंत पाळला, तर माणसे ओळखण्याची सारी मुदत चार भिंतींत संपते.

अमेरिकेतील पशुवर्तनतज्ज्ञ पशुवैद्यकांच्या संघटनेने २००८ साली या पेचावर भूमिका जाहीर केली. पहिला डोस होऊन किमान सात दिवस झाल्यावर, सात-आठ आठवड्यांच्या वयापासून पिलांची काळजीपूर्वक ओळखपाळख सुरू करावी, असे तिने सांगितले. तीन वर्षांखालील कुत्र्यांच्या मृत्यूचे पहिले कारण संसर्गजन्य रोग नसून वर्तनाच्या समस्या हे आहे, असेही तिने बजावले. आपल्याकडे रस्त्यांवर रोगांचा फैलाव अधिक असल्याने हा सल्ला जसाच्या तसा उचलता येणार नाही. मधला मार्ग मात्र आहे. पिलाला भटक्या कुत्र्यांचा वावर असलेल्या जागी खाली सोडू नये, पण टोपलीत वा कडेवर घेऊन रस्त्याच्या कडेला बसावे. माणसांना घरी बोलवावे. शेजारच्या अंगणात, जेथे आजारी कुत्रे नाही, तेथे न्यावे. पशुवैद्यकाच्या सल्ल्याने एवढे कुणालाही जमेल.

लसीकरणाचा संबंध येथे केवळ घरापुरता नाही. सोलापूरजवळील नान्नज माळढोक अभयारण्याच्या परिसरातील गावकुत्र्यांच्या रक्ताची तपासणी अनिरुद्ध बेलसरे यांनी केली, तेव्हा बहुसंख्य कुत्र्यांना डिस्टेंपर आणि पार्व्होच्या विषाणूंचा संसर्ग होऊन गेल्याचे आढळले. २०१८ साली गीरमध्ये डिस्टेंपरच्या साथीत सिंह दगावले, तेव्हा हा धोका साऱ्या देशाच्या लक्षात आला. घोडाझरीच्या काठावर वाढणाऱ्या प्रत्येक पिलाला लस मिळणे, ही वाघ-बिबट्यांच्याही आरोग्याची बाब आहे. घाबरट, घर सोडून भटकणारे कुत्रे जंगलात शिरते आणि चितळांच्या मागे लागते. माणसात रुळलेले कुत्रे अंगणात राहते.

पालिकांनी काय करावे?

७ नोव्हेंबरच्या आदेशात एक विसंगती दडलेली आहे. नागभीड हे रेल्वेचे जंक्शन आहे. येथे, तसेच कोणत्याही स्थानकावर वा बसस्थानकावर लहानाची मोठी झालेली कुत्री रोज शेकडो अनोळखी माणसे पाहतात. त्यांतील अनेक कुत्री माणसाला सर्वाधिक सरावलेली असतात. हलविली जाणार ती हीच. प्रवासी आणि रुग्णांच्या सुरक्षिततेसाठी ते आवश्यक मानले, तरी दत्तक देण्यासाठी पहिला विचार याच कुत्र्यांचा आणि त्यांच्या पिलांचा व्हायला हवा. त्यांना पिंजऱ्यात डांबून विसरणे म्हणजे हाती आलेली संधी घालविणे होय.

त्यासाठी मोठ्या निधीची गरज नाही. दत्तकाच्या अर्जासोबत पिलाचे अंदाजे वय, झालेल्या लसी आणि माणसांशी त्याचे वागणे यांची नोंद असलेला एक कागद द्यावा. पहिल्या महिन्यात काय करावे, काय टाळावे, हे मराठीत छापून द्यावे. महिन्याभराने पशुवैद्यकीय दवाखान्यात एक भेट सक्तीची करावी. निवारा केंद्रांत पिलांसाठी रोज अर्धा तास वेगवेगळ्या माणसांच्या सहवासाची सोय करावी. महाविद्यालयांतील राष्ट्रीय सेवा योजनेचे विद्यार्थी हे काम आनंदाने करतील. शाळांमधून मुलांना दोन गोष्टी शिकवाव्यात. अनोळखी, खाणाऱ्या, झोपलेल्या किंवा पिलांजवळ असलेल्या कुत्र्याच्या वाटेला जाऊ नये, आणि चावा झालाच तर जखम वाहत्या पाण्याने व साबणाने पंधरा मिनिटे धुऊन तात्काळ रुग्णालय गाठावे.

दत्तक घेणाऱ्यांनीही अपेक्षा वास्तव ठेवाव्यात. चौदा आठवडे उलटलेले किंवा पूर्ण वाढलेले कुत्रे सुधारत नाही, असे नाही. वेळ अधिक लागतो एवढेच. काही कुत्री कधीच सर्वांच्या मांडीवर बसणार नाहीत. त्याची गरजही नाही. पाहुणा आला असता शांतपणे आपल्या जागी बसून राहणारे कुत्रे हे पुरेसे यश आहे. आठवड्यांमागून आठवडे गेले तरी भीती वाढतच असेल, पिलू खाणेपिणे सोडत असेल किंवा चावत असेल, तर पशुवैद्यकाला दाखवावे. दुखणे हेही भीतीचे कारण असू शकते.

न्यायालय आदेश देऊ शकते, पालिका पिंजरे बांधू शकते. पण कुत्र्याने माणसावर विश्वास ठेवावा, असा आदेश कुणालाच काढता येत नाही. तो विश्वास पहिल्या तीन महिन्यांत, एका अंगणात, एकेका माणसाच्या ओळखीने तयार होतो. येत्या हिवाळ्यात तणसाच्या ढिगात पुन्हा पिले होतील. त्यांतील किती घरात रुळतील आणि किती 'आक्रमक' म्हणून उचलली जातील, हे दिल्लीत नव्हे, तर त्या अंगणांतच ठरणार आहे.